'परफेक्ट ब्लू': खुनी कोण ते कळलं, पण मिमाचं काय? (भरपूर स्पॉयलर)

हॉस्टेल_बी२०४

सातोशी कोनचा 'परफेक्ट ब्लू' पाहिला. रूममेटने "ॲनिमे आहे, दीड तासाचाही नाही" एवढंच सांगितलं होतं. माझं ॲनिमे म्हणजे नारुतो आणि वन पीस, त्यामुळे तसलंच काहीतरी डोक्यात घेऊन बसलो. ८१ मिनिटांत पार पिळून काढलं.

ज्यांनी पाहिला नाही त्यांच्यासाठी कथा सांगतो, नंतर शिव्या घालू नका. मिमा किरिगोए ही 'चाम' नावाच्या तीन मुलींच्या पॉप ग्रुपमधली गायिका. एजन्सीला वाटतं हिने आता अभिनय करावा. 'डबल बाइंड' नावाच्या मालिकेत तिला एका वाक्याचं काम मिळतं, मग भूमिका वाढते, बलात्काराचा प्रसंग येतो, त्यानंतर नग्न फोटोशूट. इकडे इंटरनेटवर 'मिमाची खोली' नावाचं पान कुणीतरी तिच्या नावाने लिहितंय. ट्रेनमधून उतरताना तिने कुठला पाय आधी टाकला इथपर्यंत त्यात नोंद. एक भयानक दिसणारा चाहता तिच्या मागावर आहे. तिला या कामात आणणारे एकेक करून मारले जातात. आणि तिला काचेत, आरशात गायिकेच्या फ्रॉकमधली दुसरी मिमा दिसायला लागते, जी म्हणते खरी मी, तू कोण?

शेवटी मॅनेजर रुमी निघते, ते समजलं. मग फोटोग्राफरचा खून मिमा करतेय असं आपल्याला का दाखवलं? तिला खरंच वेड लागलं होतं का? शेवटी गाडीच्या आरशात बघून ती "मी खरीच आहे" म्हणते, त्यावर विश्वास ठेवायचा का? यूट्यूबवर जितके व्हिडिओ तितकी उत्तरं.

आणि ते मालिकेचं शूटिंग. मला बघवेना म्हणून पुढे ढकललं, मग मागे येऊन पाहिलं. इतकं लांबवायची गरज होती का हो?

---

ढेकूण_पुराण

'ब्लॅक स्वान' बघ. तोच पिक्चर, फक्त बॅले घातलाय. त्याचा दिग्दर्शक ॲरोनोफ्स्की, त्याने 'परफेक्ट ब्लू'चे हक्क विकत घेतले होते, बाथटबचा एक शॉट उचलता यावा म्हणून. बाकी सोपं आहे, सगळे खून रुमीने केले, मिमा डिप्रेशनमध्ये होती. फार विचार करू नको, परीक्षा असतील तुझ्या.

---

कापाकापी

ढेकूणराव, हक्कांची गोष्ट इंटरनेटवरची लोककथा आहे. बाथटबमध्ये बुडून किंचाळायचा शॉट ॲरोनोफ्स्कीच्या 'रिक्वीएम फॉर अ ड्रीम'मध्ये (२०००) आहे हे खरं. पुढच्या वर्षी कोन आणि ॲरोनोफ्स्की भेटले तेव्हा त्याने ती मानवंदना असल्याचं सांगितलं, हे कोनने स्वतः नोंदवलंय. 'ब्लॅक स्वान'बद्दल मात्र ॲरोनोफ्स्की साम्य मान्य करतो, प्रभाव नाही. कोन २४ ऑगस्ट २०१० ला गेला, स्वादुपिंडाच्या कॅन्सरने, वय ४६. 'ब्लॅक स्वान' व्हेनिसला दाखवला १ सप्टेंबरला. चार वर्षांपूर्वी त्याच महोत्सवात कोनचा 'पॅप्रिका' स्पर्धेत होता. या तारखा शेजारीशेजारी ठेवल्या की मला अजून राग येतो, कुणावर ते सांगता येणार नाही.

आता बी२०४, तुझ्याकडे.

मी संकलक आहे. गोरेगावला एका दैनंदिन मालिकेचे एपिसोड कापते. एपिसोडची बँक, म्हणजे आधी तयार ठेवलेला साठा, कधीच नसते, रात्री शूट झालेलं सकाळी माझ्यापुढे येतं आणि संध्याकाळी टेलिकास्टला जातं. तेव्हा खुनी कोण हा तुझा प्रश्न मी बाजूला ठेवते आणि दुसऱ्याच गोष्टीबद्दल बोलते: 'कट' म्हटल्यावर काय होतं.

दिग्दर्शक 'कट' म्हणतो, पण कॅमेरा लगेच थांबत नाही. दोन-तीन सेकंद चालू राहतो. ती शेपटी फक्त माझ्याकडे आणि माझ्या असिस्टंटकडे येते. आत्ता हुंदके देणारी सासूबाई त्या शेपटीत चष्मा मागते. एका नव्या मुलीला सीनमध्ये थप्पड होती, समोरच्या बाईंची जरा खरीच बसली. कट झाल्यावर सगळे म्हणाले, लागलं का गं? तर ही हसून, "नाही नाही, मी ओके आहे, सॉरी, माझंच मान वळवायचं टायमिंग चुकलं." आणि मग कुणी बघत नाही असं वाटून तिचा चेहरा जो झाला, तो मी पाहिला आणि कापून टाकला. टाकावाच लागतो, त्याचं करणार काय?

'परफेक्ट ब्लू' त्या शेपट्यांचा बनलेला आहे. जो प्रसंग तू ढकललास तो या नजरेने पुन्हा बघ. बारचं स्टेज, दिवे, भोवती पुरुषांचा घोळका, आरडाओरडा. मधेच टेक थांबतो. त्याच पोझिशनमध्ये राहा असं सांगतात. तिच्या अंगावर असलेला नट हळूच तिची माफी मागतो, साध्या, अवघडलेल्या आवाजात. तीही काही नाही अशा सुरात उत्तर देते. दोघं तसेच थांबलेले. मग पुन्हा ॲक्शन, पुन्हा किंकाळ्या. मॉनिटरजवळ उभी असलेली रुमी रडत बाहेर जाते. तू विचारलंस लांबवला कशाला, तर त्या थांबण्यासाठी. तो थांबा काढला तर उरतो तो नुसता धक्का, आणि तसले धक्के कुणीही देतं.

लोक म्हणतात तिच्यावर जबरदस्ती झाली. कुणी केली? मीटिंग आठव. रुमी कडाडून विरोध करते, एजन्सीचा टादोकोरो भूमिकेच्या वजनाचं सांगतो, दोघं मिमाच्या डोक्यावरून भांडतात, आणि मिमाच म्हणते, करते मी. हसून म्हणते. नंतर घरी येते, टाकीतले मासे मेलेले बघते आणि तेव्हा फुटते. करायचं नव्हतंच मला, पण इतक्या जणांनी इथवर आणलं, त्यांची अडचण कशी करू, अशा अर्थाचं ओरडते. माझ्या लेखी चित्रपटाचं काळीज हे आहे. आरसे, भुतं, खून हे सगळं त्या एका होकाराच्या मागून येतं. ज्या पोरी सेटवर "मी ओके आहे" म्हणतात त्यांच्या नकाराने रात्री कुठे जायचं? कोनने त्या नकाराला फ्रॉक घालून आरशात उभं केलं.

यात एक गंमत आहे, ती आमच्या धंद्यातल्या माणसालाच जास्त जाणवेल. माझ्याकडे मास्टर (अख्ख्या सीनचा एक सलग शॉट) येतो, प्रत्येकाचा क्लोज येतो, सहा जणांच्या रिॲक्शन येतात, मी त्यातून एपिसोड काढते आणि उरलेलं फेकते. ॲनिमेशनमध्ये फेकायला काही नसतं. एकेक सेकंद हाताने काढायचा तर जास्तीचा कोण काढेल? त्यामुळे कापणं आधी होतं, स्टोरीबोर्डवर, म्हणजे शॉटमागून शॉट काढलेल्या कच्च्या चित्रांवर, आणि कोन स्वतःचे स्टोरीबोर्ड स्वतः फार बारकाईने काढायचा. म्हणजे आमच्याकडे आपोआप पडणारी शेपटी त्याच्याकडे अस्तित्वातच नव्हती. ती त्याने ठरवून, माणसं बसवून, चित्रं काढून तयार केली. ज्यांना वाटतं हा चित्रपट माणसं घेऊनच करायला हवा होता, त्यांनी यावर विचार करावा. मुळात तसाच करायचा बेत होता म्हणे, पण तो बारगळला आणि थेट व्हिडिओवर काढायच्या ॲनिमेचं काम कोनकडे आलं. योशिकाझु ताकेउचीची कादंबरी होती. आयडॉल (मिमासारखी पॉप गायिका), तिचा झपाटलेला चाहता आणि भय एवढं राख, बाकी हवं ते बदल, अशी मुभा मिळाली. सादायुकी मुराईने पटकथा लिहिली आणि या दोघांनी मिळून सगळी भिंतच पाडली, खरं-खोट्यातली.

भिंत कशी पाडली ते सांगते, त्यात तुझ्या फोटोग्राफरचं उत्तर आहे. स्वप्न दाखवायचं झालं की आम्ही काहीतरी खूण करतो. कडा धूसर, आवाजात घुमारा, वाद्यांची एखादी लकेर. कोन खूण करत नाही. स्वप्नात जाणारा कट, मालिकेच्या सेटवर जाणारा कट आणि दुसऱ्या दिवशीच्या सकाळवर जाणारा कट, तिन्ही सारखेच, कोरडे. एका जागी सुरू झालेली हालचाल दुसऱ्या जागी संपते. मिमा दचकून उठते, दिवस घालवते, पुन्हा दचकून उठते. मानसोपचारतज्ज्ञ तिला नाव विचारते, आपण म्हणतो, झालं, ही खरंच आजारी आहे, आणि तेवढ्यात कळतं हा मालिकेतला प्रसंग होता, लोक टाळ्या वाजवतायत. दोन शॉट शेजारी ठेवले की मधलं नातं प्रेक्षक स्वतःच जोडतो, यावर माझं पोट चालतं. फोटोग्राफरच्या खुनात पिझ्झा घेऊन येणाऱ्या माणसाच्या जागी मिमा दिसते, पुढच्या शॉटला मिमा अंथरुणात, कपाटात रक्ताळलेले कपडे. जोडणी आपण केली. तिनेही तीच केली. आपण जितके फसलो तितकीच ती फसली, एवढंच तिथे दाखवायचं होतं. पोलिसी हिशोब लावायला चित्रपट बसत नाही. शेवटच्या भागात जे हाती येतं ते पुरे: रुमीने हुबेहूब मिमाची खोली थाटलीय, ते पान तीच लिहीत होती, आणि "खरी मिमा" म्हणून त्या चाहत्याला ई-मेल तीच पाठवत होती.

वेड लागलं का? डॉक्टर लोक सांगतील. मला ती झोप उडालेली, दमलेली मुलगी दिसते, जिची डायरी दुसरंच कुणी लिहितं आणि तिच्यापेक्षा चांगली लिहितं.

---

चष्मिष्ट

कापाकापी, लिहिता छान, पण मला हा चित्रपट जितका ग्रेट सांगतात तितका वाटत नाही आणि त्याचं कारण नेमकं तुम्ही सोडून दिलंत.

पहिलं म्हणजे, मिमाला वस्तू केलं म्हणून चित्रपट गळा काढतो आणि स्वतःच तिचे नग्न फोटो सावकाश, एकामागून एक, आपल्याला दाखवतो. हे म्हणजे उपासाच्या दिवशी चव बघायला म्हणून वाटीभर खाणं. दुसरं जास्त खटकतं. शेवटी दोषी कोण ठरतं? एक वेडीविद्री दिसणारी, वय झालेली, जाड बाई आणि एक कुरूप चाहता. प्रसंग लिहिणारा लेखक, फोटो काढणारा, तिला तिथे नेऊन उभी करणारा टादोकोरो, हे सगळे बळी! त्यांचे खून झाल्याने आपल्याला त्यांची कीव यायला हवी. व्यवस्था सुटली, मनोरुग्ण सापडले. भयपटांची ही जुनी खोड आहे आणि कोनने ती मोडली नाही.

---

योकोहामाकर

आठेक वर्षं इथे आहे, आयटीतला हमाल. चर्चा वाचून थोडी स्थानिक माहिती टाकतो.

मिमाला गाणं सोडून अभिनयात का ढकलतात हे बाहेरच्यांना नीट कळत नाही. ऐंशीच्या दशकात इथे आयडॉल गायिकांची चलती होती, नव्वदीच्या सुरुवातीला ती ओसरली. त्या काळाला इथले लोक आयडॉलांचा हिवाळाच म्हणतात. टीव्हीवरचे गाण्याचे कार्यक्रम बंद पडत होते. त्यामुळे टादोकोरो राक्षस नाही, मंदीत दुकान चालवणारा माणूस आहे. नग्न फोटोंचंही तसंच. १९९१ मध्ये एका अतिशय लोकप्रिय तरुण अभिनेत्रीचं असं पुस्तक आलं आणि लाखोंनी खपलं. त्यानंतर "आता मी मोठी झाले" हे जाहीर करायची ती एक ठरलेली वाट होऊन बसली.

आणि चित्रपट जुना झाला म्हणावं तर तसं नाही. २०१३ मध्ये एकेबी ४८ या आयडॉल ग्रुपमधल्या एका गायिकेने स्वतःचं डोकं भादरून, रडत, व्हिडिओवर माफी मागितली. गुन्हा काय, तर मित्राच्या घरी रात्र काढल्याचं मासिकात छापून आलं. २०१४ मध्ये त्याच ग्रुपच्या हस्तांदोलनाच्या कार्यक्रमात इवाते प्रांतात एकाने करवत चालवली. २०१६ मध्ये तोक्योतल्या कोगानेइत एका २० वर्षांच्या गायिकेला तिच्या 'चाहत्याने' कार्यक्रमाच्या जागेबाहेर भोसकलं. त्याआधी तो ट्विटरवर तिच्या मागे लागला होता. ती वाचली. 'परफेक्ट ब्लू' आला तेव्हा रुमी मिमाला ब्राउझर म्हणजे काय ते समजावून सांगत होती, हे ध्यानात घ्या.

इंग्रजी डबिंगमध्ये पाहिला असेल तर मूळ आवाजात पुन्हा पाहा. मिमा आईशी फोनवर बोलते तेव्हा तिची शहरी भाषा गळून पडते आणि गावाकडची येते. सबटायटलमध्ये त्याचा पत्ता लागत नाही. संगमेश्वरची मुलगी दादरच्या फ्लॅटमधून आईला फोन लावते तेव्हा जे होतं, तेच. आणि जाता जाता: रुमीचा आवाज रिका मात्सुमोतोचा. त्याच बाईंनी जपानी पोकेमॉनमध्ये २०२३ पर्यंत आपल्या ॲशचा आवाज दिला. हे कळल्यापासून माझा मुलगा पोकेमॉन लावतो तेव्हा मी शेजारच्या खोलीत दचकतो.

---

हॉस्टेल_बी२०४

बाप रे. सगळ्यांचे आभार. मासे मेल्याचा सीन मला आठवत होता, पण ती काय ओरडते त्याकडे लक्षच नव्हतं, मी माशांकडेच बघत होतो. कापाकापी ताई, चष्मिष्ट यांना उत्तर द्या ना, मला त्यांचंही पटतंय.

---

कापाकापी

पटू दे की. चष्मिष्ट यांचा दुसरा मुद्दा भारी आहे.

पहिल्याशी मी सहमत नाही. फोटोशूटमध्ये फ्लॅश, क्लिक, फ्लॅश, क्लिक असा ठेका आहे, आणि लगेच तीच चित्रं मासिकातून चाहत्यांच्या हातात गेलेली दिसतात. आपल्याला फोटो दिसतात ते कुणीतरी बघतंय म्हणून. तरी बघणाऱ्याला सुख झालंच नसेल असं मी म्हणणार नाही. सुरुवातीच्या कार्यक्रमात तो चाहता लांबून हाताचा तळवा असा धरतो की स्टेजवरची मिमा त्याच्या हातावर नाचते. कोनला माहीत होतं आपण काय विकतोय.

रुमीचं मात्र खरं आहे. तिला जाड आणि घामाघूम दाखवलीय, काचेतल्या प्रतिबिंबात ती धापा टाकत पळते आणि बाहेर सडपातळ मिमा तरंगत येते, त्यावर हशा पिकलेला मी एका खासगी शोला ऐकलाय. माझ्या डोक्यात गेला होता तो. पण रुमी कोण? तीही एके काळची आयडॉल. तिच्यासाठी तो प्रसंग बघणं म्हणजे काय होतं ते रडत बाहेर जाताना दिसलं की आपल्याला. तुम्ही म्हणता व्यवस्था सुटली. मला वाटतं व्यवस्थेतून वापरून झालेली बाई रुमी आहे आणि म्हणूनच ती सगळ्यात भयानक आहे. लेखक-फोटोग्राफर मेले तर उद्या दुसरे येतील, चित्रपटही त्यांच्यासाठी अश्रू ढाळत नाही. लेखकाचं प्रेत लिफ्टमध्ये सापडतं आणि मालिका पुढे चालू. हे मात्र शंभर टक्के खरं आहे, आमच्याकडेही चालूच राहील.

आता तो शेवट. ट्रक येतो. हेडलाइट रुमीच्या अंगावर पडतात आणि तिला ते स्टेजवरचे दिवे वाटतात, हात पसरून ती उभी राहते. मिमा, जिला आत्ता हिनेच मारायला घेतलं होतं, जखमी अवस्थेत धाव घेते आणि तिला बाजूला ढकलते. पूर्ण चित्रपटात मिमाने जे जे केलं ते कुणीतरी विचारलं म्हणून, ठरवून दिलं म्हणून, अडचण नको म्हणून. रुमीला ढकलताना तिला कुणी विचारलेलं नाही. स्क्रिप्ट नाही, टादोकोरो नाही, बघायलाही कुणी नाही. ती मुलगी खरी. त्यामुळे बी२०४, गाडीतलं वाक्य खरं मानायचं का, याचं उत्तर ट्रकसमोर देऊन झालंय.

आणि म्हणूनच माझ्या हातात असतं तर गाडीतला शॉट मी ठेवला नसता. त्याच्या आधी हॉस्पिटलमधल्या दोन नर्स कुजबुजतात, ही ती नटी आहे का, छे, ती कशाला इथे येईल, नुसती दिसते तशी. तिथे कापला असता. पान लिहिणारी रुमी, चाहता, एजन्सी, सगळ्यांना जी खरी मिमा हवी होती ती समोरून चालत जाते आणि कुणी ओळखत नाही. त्यानंतर आरशात बघून, गॉगल काढून, प्रेक्षकांना सांगायची काय गरज? त्या एका वाक्याने यूट्यूबवाल्यांची पोटं भरली बघ. आमचे क्रिएटिव्हसुद्धा असंच करतात, शेवटच्या क्लोजवर एक वाक्य पाहिजेच त्यांना.

---

चष्मिष्ट

ट्रकचं वाचून पुन्हा लावला. ढकलण्याआधी ती क्षणभर थांबलेली वाटली मला. पण ठीक आहे, रुमीबद्दल अर्धं मान्य. फोटोंबद्दल नाही.

---

कापाकापी

अर्धं पुष्कळ झालं.

बी२०४, लगेच कोनच्या 'पॅरानोइया एजंट' मालिकेकडे जाऊ नकोस, आधी 'मिलेनियम ॲक्ट्रेस' (२००१) बघ. पुन्हा कोन आणि मुराईच लेखक, पुन्हा एक नटी, पुन्हा तिचं आयुष्य आणि तिचे चित्रपट एकमेकांत कापलेले. सामुराईंच्या लढाईतून दार उघडून ती थेट दुसऱ्याच काळात पोहोचते. इथे ज्या कटने घाबरवलं, तोच कट तिथे धावायला लावतो. आणि ती नटी कुणी सांगितलं म्हणून धावत नाही. दोन्ही एकाच आठवड्यात बघितलेस तर इथे येऊन लिही. आणि एवढ्या रात्री आरशात बघत बसू नको, उद्या लेक्चर असेल.